दोन केबलींच्या मधली जागा

बुधाजीचं भातखाचर जिथे होतं तिथे आमच्या कारखान्याचं सबस्टेशन उभं राहिलं. बाहेरून आलेली वीज जिथे उतरवून घेतात आणि कारखानाभर वाटतात ती ही इमारत. तिच्या भिंतीला हात लावून बुधाजी नव्या माणसाला सांगायचा, "हितं माझा बांध व्हता. त्या पॅनलच्या जागी आमी भाताचं आवण लावायचो. आता इजेचं पीक काढतो." सांगताना त्याच्या आवाजात रडगाणं नसे. जमीन गेली ती गेली, पण त्या जागेची माहिती आपल्याइतकी कोणालाच नाही, हे तो साहेबांनाही ऐकवायचा.

ते खरंही होतं. कारखाना मोहोपाड्याच्या अलीकडे, पाताळगंगेपासून हाकेच्या अंतरावर. तिथे रंग आणि थिनर तयार होई. मी १९७२ पासून तिथे स्टोअरकीपर होतो. सुरुवातीला सगळ्या केबली जमिनीतल्या खंदकातून नेल्या होत्या. पहिल्याच श्रावणात खंदक भरला. पंप लावून उपसला, दुसऱ्या दिवशी पुन्हा भरला. बुधाजी तेव्हा मातीकामावर होता. खंदकाच्या काठावर उकिडवा बसून तो म्हणाला, "साहेब, पंप काय करंल? हे खाचर हाय. शंभर वर्सं आमी हितं पाणी आडवलंय. त्या पाण्याला तुमी चार म्हैन्यात दुसरी वाट कशी शिकवणार?"

आमचे विजेचे इंजिनिअर शेणॉय साहेब हे वाक्य विसरले नाहीत. तीन नंबरचा प्लँट बांधायला घेतला तेव्हा, म्हणजे सत्याहत्तर साली, त्यांनी ठरवलं की यावेळी केबली जमिनीतून न्यायच्या नाहीत, वरून न्यायच्या, लोखंडी ट्रेमधून. दोन बाजूंना लोखंडी पट्ट्या आणि त्यांच्यामध्ये पायऱ्या असा हा ट्रे असतो. खांबाखांबांवर आडवा टांगला की शिडीसारखा दिसतो. आमच्याकडे सगळे त्याला शिडीच म्हणायचे. सबस्टेशनपासून तीन नंबरपर्यंत एकशे चाळीस मीटर शिडी आणि तिच्यावर सव्वीस केबली, त्यातल्या काही मनगटाएवढ्या जाड.

हे काम बुधाजीच्या टोळीला मिळालं. टोळीत तो धरून अकरा माणसं होती आणि अकराही जणांची जमीन कारखान्यात गेलेली. घरटी एकाला नोकरी देऊ असं कबूल झालं होतं, पण चार वर्षं सगळे कंत्राटावरच होते. तीन नंबर सुरू झाला की एक जानेवारीला अकराही जणांना कायम करायचं, असं मोठ्या साहेबांनी यावेळी तोंडी नाही, लेखी दिलं होतं. त्या पत्राची एक प्रत माझ्या फाइलीत होती. टोळीतलं कोणी ना कोणी आठवड्यातून एकदा तरी येऊन ती बघून जायचं. वाचता न येणारेही बघून जायचे.

बुधाजी तेव्हा चाळिशीचा असेल. ठेंगणा, रुंद खांद्यांचा. चौथीपर्यंत शिकलेला. तो हे काम कोणाकडून शिकला हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. थोडं खोपोलीच्या, केबली जोडणाऱ्या एका जॉइंटरकडून आणि बाकीचं बघून बघून, एवढं त्याने एकदा सांगितलं. पण शिडीवर चढला की तो असा वावरायचा जणू शिड्या त्यानेच शोधून काढल्या आहेत.

त्याच्या कामाच्या रीती त्याच्या स्वतःच्या होत्या. शिडी टांगून झाली की केबल चढवायच्या आधी तो जुन्या धोतराचा एक तुकडा घेऊन प्रत्येक पायरीवरून, प्रत्येक कडेवरून फिरवायचा. कुठे धागा अडकला की तिथे खडूची खूण. मग टोळीतला गजा कानस घेऊन त्या खुणेवर. लोखंड कापताना जी बारीक धार राहते ती केबलीचं वरचं आवरण सोलते. गजा कुरकुरायचा, "बुधा, लेकीच्या सासरचं घर बी एवढं कुनी बघत नाय रं."

"लेक बोलते रं, सोललं तर. केबल बोलत नाय," बुधाजी म्हणायचा.

जाड केबल वळवायची तर वळण किती मोठं हवं, याला त्याच्याकडे एक गाडीचं चाक होतं. खरंखुरं बैलगाडीचं लाकडी चाक त्याने गावाहून आणून खांबाला टेकवून ठेवलं होतं. चाकाच्या गोलाईपेक्षा लहान वळण द्यायचं नाही. शेणॉय साहेबांनी एकदा कुतूहलाने चाक मोजलं, आपल्या पुस्तकात बघितलं आणि काही न बोलता पुढे गेले. आकडा जुळला असणार.

केबल ओढताना ती गुंडाळलेला ड्रम दोन जॅकवर उचलून मध्ये लोखंडी दांडा घालत, म्हणजे तो रहाटासारखा फिरे. शिडीवर ठरावीक अंतरावर रोलर ठेवत. बुधाजी मधोमध उभा राही, पुढे सहा माणसं दोराला, मागे ड्रमजवळ हिरामण. बुधाजीने हात वर केला की सगळ्यांनी एका दमात ओढायचं, खाली केला की हात जागच्या जागी थांबायचे. दोर कोणी झटकला की तो त्या माणसाला खाली उतरवून बाजूला बसवायचा. दुपारपर्यंत बसवायचा. एकदा स्वतःच्या मेव्हण्याला, भिवाजीला, बसवलं होतं. भिवाजी त्या रात्री बहिणीकडे तक्रार घेऊन गेला, तर बुधाजीची बायको धोंडूबाई म्हणाली म्हणे, "मला बी बसवतात. मी काय करू?"

आता चुकीकडे येतो.

केबली शिडीवर आल्यावर त्या लावायच्या कशा, हे ड्रॉइंगमध्ये दाखवलेलं होतं. एकेक केबल सुटी, शेजारी शेजारी, दोन केबलींच्या मध्ये एका केबलीच्या जाडीएवढी जागा मोकळी आणि प्रत्येक केबल क्लिपेने पायरीला बसवलेली. ड्रॉइंग इंग्रजीत होतं आणि ते माझ्याकडे होतं, कारण क्लिपा माझ्याकडून सुटायच्या.

बुधाजीची माणसं भात कापणारी. त्यांच्या हाताला सुटं काही ठेवायची सवय नाही. पेंढ्या दिसल्या की भारा बांधायचा, आवळायचा, गाठ मारायची. त्यांनी सहा-सहा, सात-सात केबली एकत्र घेतल्या, हाताने दाबून गोल केल्या आणि डांबर लावलेल्या सुतळीने दर हातभर अंतरावर आवळल्या. चार भारे झाले. सरळ, घट्ट, एकसारखे. एकाही ठिकाणी केबल बाहेर डोकावत नव्हती. अर्धी शिडी रिकामीच राहिली. मोठे साहेब रसायनातले, विजेतले नव्हेत. ते स्वतः शिडीवर चढून बघून गेले. खाली उतरून त्यांनी बुधाजीची पाठ थोपटली आणि म्हणाले, "याला म्हणतात काम. पुढच्या प्लँटच्या केबलींनाही जागा शिल्लक ठेवली." शेणॉय साहेब त्या दिवसांत नव्या यंत्रांच्या जोडणीत बुडाले होते. ते खालून बघून जात, आणि खालून नुसत्या पायऱ्या दिसतात.

मला दिसत होतं. चौदाशे क्लिपा जायला हव्या होत्या, चारशेच गेल्या. हजार क्लिपा माझ्या समोरच्या मांडणीवर खोक्यात पडून होत्या.

तीन नंबर नोव्हेंबरात सुरू झाला. डिसेंबरच्या मध्यावर सगळी यंत्रं पूर्ण भाराने चालू लागली.

त्याच वर्षी कार्तिकात अवेळी पाऊस येऊन गेला होता आणि कापलेलं भात भिजलं होतं. जमीन गेली तरी बुधाजीकडे बायकोच्या माहेरचं एक खाचर वाट्याने होतं. भारे झोडणीपर्यंत रचून ठेवतात त्या राशीला आमच्याकडे उडवी म्हणतात. भारे दमट असले तर उडवीच्या पोटात वारा जायला वाट ठेवावी लागते, नाहीतर ती आतून तापते. पण बुधाजीला कारखान्यातून सवड नव्हती, म्हणून भिवाजीने दोन दिवस खाडा करून आपल्या मनाने उडवी रचली. घट्ट, गोल, बघत राहावी अशी. बुधाजीने एका रविवारी सकाळी ती बघितली आणि मेव्हण्याला शाबासकी दिली. पुढचं त्यानेच मला सांगितलं.

धोंडूबाई म्हणाली, "शाबासकी मागनं द्या. आदी हात घाला."

"थंड हाय की गं."

"बाहेरनं कोन इचारतंय? आत घाला, कोपरापत्तुर."

त्याने हात घातला आणि ओढून घेतला. आत चुलीतल्या राखेसारखं गरम होतं. तिघांनी मिळून उडवी मोडायला घेतली. मधल्या भाऱ्यांतून वाफ निघत होती, सालाआतला तांदूळ पिवळा पडला होता. बुधाजी एक भारा हातात घेऊन तसाच उभा राहिला. घट्ट आवळलेला, गोल, दर हातभर अंतरावर बंध.

"आता काय झालं?" धोंडूबाई म्हणाली. "भूत दिसलं का?"

"कारखान्यात जायला लागंल."

"आज आयतवार हाय!"

"तितं बी उडवी रचलीय मी."

"मंग ही पुरी मोडा, आन् उद्या ती मोडा," ती म्हणाली. "दोन अर्धवट ठेवू नका."

सोमवारी भोंगा व्हायच्या आधीच तो स्टोअरच्या दारात उभा होता.

"भाऊ, थर्मामीटर हाय?"

"माझ्याकडे नाही. प्रयोगशाळेत असेल. कोणाला ताप आलाय?"

"शिडीला."

प्रयोगशाळेतला वाल्मिक माझ्या ओळखीचा होता. त्याने काचेचा लांब थर्मामीटर दिला आणि बजावलं, "फोडलात तर साहेब मला फोडतील." मग कुतूहल वाटून तो स्वतःच आमच्या मागून आला. मी त्याआधी शिडीवर कधी चढलो नव्हतो. त्या दिवशी चढलो. बुधाजीने वाळलेल्या बांबूची एक कांब तासून आणली होती. तिला थर्मामीटर बांधून त्याने आधी भाऱ्याच्या बाहेरून लावला. चव्वेचाळीस अंश. वाल्मिक म्हणाला, "एवढंच? ह्याच्यापेक्षा आमच्या खोलीत उकडतं." मग बुधाजीने दोन केबली बोटांनी हलकेच विलग करून कांब मध्ये सरकवली. आम्ही दहा मिनिटं थांबलो. बाहेर काढल्यावर वाल्मिकने वाचलं आणि पुन्हा वाचलं. अठ्ठ्याहत्तर.

मी खाली उतरून ड्रॉइंग काढलं. कोपऱ्यात बारीक अक्षरांत टीप होती की केबलीचं अंग सत्तर अंशांच्या पुढे जाता कामा नये. त्याच्या वर ती सुटी सुटी वर्तुळं आणि मधल्या जागेचा बाण. मी बुधाजीला दाखवलं. तो बराच वेळ त्या वर्तुळांकडे बघत होता. त्याला इंग्रजी येत नव्हतं, पण ते चित्र वाचायला इंग्रजी लागत नव्हतं.

"हे तुमच्यापाशी कवापासनं हाय?"

"जूनपासून."

"मंग बोलला का नाय?"

मी खरं ते सांगितलं. "इतकं सुबक दिसत होतं. मोठ्या साहेबांनी पाठ थोपटली. मला वाटलं, मी स्टोअरवाला, मला काय कळतंय."

"आन् मला वाटलं, मला समदं कळतंय," बुधाजी म्हणाला. "दोघंबी चुकलो. आता ड्रॉइंग गुंडाळा. आदी माणसांना सांगतो, मंग साहेबाला."

दुपारच्या सुट्टीत रिकाम्या ड्रमांच्या आवारात टोळी जमली. डबे उघडलेले होते. बुधाजीने एका दमात सगळं सांगितलं. भारे तापताहेत, आतलं आवरण मऊ पडत जाईल, एक दिवस दोन केबली आत एकमेकींना भिडतील. खाली थिनरची पिंपं आहेत. त्यामुळे प्लँट बंद करून सगळं सोडायचं आणि पुन्हा बांधायचं.

मग हिरामण म्हणाला. तो टोळीतला सगळ्यात हुशार, दहावीपर्यंत शिकलेला.

"आज एकोणीस तारीख. एक तारखेला कागद. बारा दिवस कळ काढ की बुधा. दोन तारखेला सांग. मीच येतो तुझ्यासंगं सांगाया."

"बारा दिवसांत पेटलं तर?"

"म्हैनाभर पेटलं नाय, आता बारा दिवसांत पेटतंय व्हय?"

"म्हैनाभर निम्म्या भारावर चाललं. पुरा भार आता आलाय, चार दिस झालं."

गोमा म्हणाला, "आरं पन साहेब इचारील, बांधलं कुनी? आमी सांगू, बुधानं शिकवलं. मंग तुझा बी कागद गेला आन् आमचा बी."

"तसंच सांगा. मीच शिकवलं."

"चार वर्सं," हिरामण म्हणाला आणि त्याचा आवाज चढला, "चार वर्सं आमी गेटावर नावं पुकारायची वाट बघतो रं. आन् तुला आता खरं बोलायची हौस आली? तुझी पाठ थोपटली तवा नाय आली!"

हे लागण्यासारखं होतं. गजाने मान खाली घालून भाकरीचा तुकडा मोडला. बुधाजी मात्र चिडला नाही.

"हिरू, तुझी बायजा कुठल्या खात्यात हाय?"

हिरामणची बायको बायजा तीन नंबरमध्ये पॅकिंगला होती. डबे भरण्याचं टेबल बरोबर त्या शिडीखाली होतं. टोळीतल्या सगळ्यांना ते माहीत होतं, कारण प्लँट सुरू झाल्यावर वरची किरकोळ कामं करताना हिरामण खाली बघून तिला हाका मारायचा आणि ती हातातला ब्रश उगारायची.

"ती काय बारा दिवस सुट्टीवर जानार हाय?" बुधाजीने विचारलं.

हिरामणने डबा बंद केला. "चल," तो म्हणाला. "साहेब जेवून आला आसंल."

शेणॉय साहेबांच्या केबिनमध्ये बुधाजी आणि हिरामण गेले. मागून ड्रॉइंग घेऊन मी. बुधाजीने टेबलावर थर्मामीटर ठेवला आणि दोन आकडे सांगितले. साहेब उठले, टोपी घातली आणि थेट शिडीवर चढले. कांब सरकवून स्वतः मोजलं. खाली आले ते टोपी हातात घेऊनच.

"हे असं बांधायला कोणी सांगितलं?"

"मी," बुधाजी म्हणाला.

"ड्रॉइंग बघितलं नव्हतं?"

"मागितलंच नाय, साहेब. मला वाटलं, केबल ओढाया येती तर बांधाया बी येती."

मी म्हणालो, "साहेब, ड्रॉइंग माझ्याकडे होतं. क्लिपा उरल्या तेव्हाच मला कळायला हवं होतं. मी बोललो नाही."

साहेब माझ्याकडे वळले. त्याआधी बुधाजीच बोलला, "त्यांचं काय घेऊन बसलाव साहेब? ते खाली व्हते. शिडीवर मी व्हतो."

साहेबांना मुख्य कचेरीला अहवाल पाठवावा लागला. त्यात त्यांनी स्वतः वर चढून न पाहिल्याचं लिहिलं. बुधाजीचं नाव लिहिलं. माझं नाव त्यात आलं नाही. ते मी इथे लिहून ठेवतो.

अर्ध्या तासात यंत्रांचा निम्मा भार कमी केला आणि पॅकिंगचं टेबल तिथून हलवलं. बायजा हिरामणला म्हणाली, "आता कुनाला हाका मारशील रं?"

शनिवार-रविवार प्लँट पूर्ण बंद ठेवायचा ठरला. शनिवारी सकाळी साहेबांनी सबस्टेशनातले स्विच काढले, त्यांना कुलूप घातलं आणि किल्ली बुधाजीच्या हातात दिली. "काम संपेपर्यंत ही तुझ्याकडे. मी मागितली तरी देऊ नकोस." बुधाजीने ती कमरेच्या करगोट्यात अडकवली. मग साहेबांनी प्रत्येक केबल मेलेली, म्हणजे वीज नसलेली, आहे की नाही ते मीटरने तपासलं, आणि त्यानंतर अकरा माणसं वर चढली.

सुतळ्या कापायचं काम बुधाजीने कोणाला दिलं नाही. आपण आवळलं ते आपणच सोडायचं, म्हणाला. पहिला भारा उघडला. बाहेरच्या केबली जशाच्या तशा होत्या. मधली हाताला मऊ लागत होती आणि सुतळी बसली होती तिथे तिच्या अंगावर वळ उठले होते. साहेबांनी प्रत्येक वळ बघितला. दोन केबली बदलाव्या लागतील म्हणाले; त्या त्याच दुपारी नव्या ओढल्या. बाकीच्या वाचल्या होत्या.

वळ बघून साहेबांनी ठरवलं की ड्रॉइंगपेक्षाही जास्त मोकळीक द्यायची, जाड आणि बारीक केबली वेगवेगळ्या शिड्यांवर. साहेब म्हणाले, दुसरी शिडी येईपर्यंत आठ दिवस जातील. बुधाजी म्हणाला, "जुन्या खंदकात टाकाया आणलेल्या शिड्या भाऊंच्या गोदामामागं पडल्यात. गंज हाय, पन वरचा." त्या मलाही आठवल्या नव्हत्या. काढल्या, घासल्या, रंगवल्या आणि पहिल्या शिडीच्या वर हातभर अंतर सोडून टांगल्या. जाड केबली खालच्या शिडीवर ठेवल्या. यंत्रांना इशारे देणाऱ्या बारीक केबली वरच्या शिडीवर वेगळ्या ठेवल्या, म्हणजे एकीची ऊब दुसरीला लागणार नाही. दोन्ही शिड्या तांब्याच्या पट्टीने एकमेकींना जोडून त्यांना जमिनीत अर्थिंग दिलं.

दोन केबलींच्या मधली जागा मोजायला बुधाजीने केबलीचेच वीतभर तुकडे कापून प्रत्येकाच्या हातात दिले. तुकडा मध्ये ठेवायचा, क्लिप आवळायची, तुकडा काढून पुढे सरकायचं. मोजपट्टी कोणाला वाचावी लागली नाही. हजार क्लिपा माझ्या खोक्यातून गेल्या आणि आणखी लागल्या. गजा रविवारी दुपारी वरून ओरडला, "भाऊ, तुमची मांडणी रिकामी झाली, आता तितं झोपा!" प्रत्येक केबलीच्या दोन्ही टोकांना आणि वळणावर नंबर ठोकलेला पत्र्याचा बिल्ला बांधला. भिवाजीने एक बिल्ला उलटा बांधला, म्हणून त्याला पुन्हा खाली बसवलं.

रविवारी संध्याकाळी बुधाजी पूर्ण शिडीवरून एकटा चालत गेला, या टोकापासून त्या टोकापर्यंत. मग उतरून किल्ली साहेबांना दिली. बुधवारी पूर्ण भार आला. साहेब, मी आणि वाल्मिक मोजायला चढलो. बावन्न अंश. साहेबांनी खाली वाकून बघितलं. बुधाजी खाली उभा होता. वर यायची त्याला गरज वाटली नव्हती.

"किती?" त्याने विचारलं.

"बावन्न."

"पन्नासच्या जवळपास सांगितलं व्हतं मी," तो गजाला म्हणाला.

एक जानेवारी रविवारी आली, म्हणून कायम करण्याची यादी दोन तारखेला सकाळी लागली. दहा नावं होती. बुधाजीचं नव्हतं. त्याच्या नावापुढे मुख्य कचेरीने लिहिलं होतं की सहा महिने काम बघून मग विचार करावा. शेणॉय साहेबांनी मुंबईला दोन वेळा फोन केला होता, पण उपयोग झाला नाही.

मी स्टोअरातून आलो तेव्हा दहाही जण टाइम ऑफिसच्या बाहेर उभे होते. आत टेबलावर त्यांचे कागद सहीसाठी मांडलेले होते आणि आत कोणी जात नव्हतं. बुधाजी तीन नंबरकडून आला.

"काय रं, मयताला आलाव का?"

"तुजं नाव नाय," हिरामण म्हणाला.

"ठावं हाय. साहेबांनी शनवारीच सांगितलं."

"मंग आमी बी घेत नाय. समद्यांना, नायतर कुनाला नाय."

"बरोबर हाय," गोमा म्हणाला.

बुधाजीने एकेकाकडे बघितलं. मग हसला. "कुनी शिकवलं तुमाला हे? मीच? मंग ते बी चुकीचं शिकवलं."

"हसू नको रं," गजा म्हणाला. "त्या दिवशी आमी तुला गप बसवाया बघत व्हतो. तू बोललास म्हनून तुझंच नाव गेलं. आमी कोनत्या तोंडानं सही करू?"

"ज्या तोंडानं भाकर खाता त्या तोंडानं. हे बघा, तुमी कागद नाय घेतला तर आत बसलेत त्यांना काय वाटंल? का ह्या टोळीनं चूक सांगितली आन् अकराच्या अकरा घरी गेली. उद्या दुसऱ्या टोळीला काय तापलेलं दिसलं तर ती बोलंल? नाय बोलनार. तुमी सही करा. म्हंजे लोकं म्हनतील, त्यांनी सांगितलं तरी दहा कायम झाली. आन् माझं म्हनाल, तर सहा म्हैन्यांत ती शिडी तापली तर मला गेटाबाहेर काढा. तापनार नाय. मी बांधलीय."

"पहिली बी तूच बांधली व्हतीस," हिरामण म्हणाला.

सगळे हसले. बुधाजी सगळ्यात जास्त हसला. "म्हनून तर आता मला समदं ठावं हाय! जा आत."

ते गेले. हिरामणने सही करताना पेन बराच वेळ कागदावर धरून ठेवलं, आणि सगळ्यात शेवटी केली. बाहेर आल्यावर तो कागद हातात घेऊन बुधाजीच्या समोर उभा राहिला. बुधाजी म्हणाला, "नीट घडी घाल. आन् चला, चार नंबरचा ड्रम गेटावर उभा हाय." मग दहा कायम कामगार एका कंत्राटी मुकादमाच्या मागून निघाले.

सहा महिने मी रोज दुपारी त्या शिडीचा आकडा वहीत लिहिला. वैशाखातल्या उन्हातसुद्धा तो अठ्ठावन्नच्या वर गेला नाही. जुलैच्या पहिल्या आठवड्यात बुधाजीच्या नावाचं पत्र आलं. शेणॉय साहेबांनी ते माझ्याकडे दिलं, म्हणाले, तुम्हीच द्या. मी चार नंबरमध्ये गेलो. बुधाजी वर होता, धोतराचा तुकडा पायरीवरून फिरवत होता. मी खालून ओरडून सांगितलं, "बुधाजी, कागद आला! कायम!"

त्याने खाली बघितलं. "नाव बरोबर लिवलंय का?"

"हो."

"मंग ठिवा तुमच्यापाशी," तो म्हणाला. "एवढी कड झाली की येतो."